दारातलं वांझोटं झाड

शहाद्याच्या नर्सरीतून मी तो बिस्मार्क पाम आणला, तेव्हा सासूबाईंचा पहिला प्रश्न, याला फळ काय लागतं? मादागास्कर बेटावरचं झाड, पंख्यासारखी चंदेरी पानं, दिसतं किती छान, असं मी सांगितलं. ब्राह्मणपुरीत केळी-पपईत जन्म गेलेल्या बाईला नुसतं दिसणं पुरणार नव्हतं. तरी मी दारातच लावलं. घर माझंही आहे.

झाड माझ्या डोक्यावर गेलं, माझी कूस मात्र रिकामीच राहिली. मला तोंडावर कुणी बोललं नाही. बोलायचे ते झाडाला. बसायला आलेल्या बायका माझ्याकडं बघत म्हणायच्या, "वांझोटं झाड दारात बरं नई." मी त्यांच्यापुढं चहा ठेवायचे आणि आतून धुमसत राहायचे. तपासण्या करून करून माझ्या दंडाची चाळण झाली होती. आमच्या यांची एकही झाली नव्हती. मला काय धाड भरलीय, म्हणायचे.

गेल्या उन्हाळ्यात पानांतून तपकिरी तुरे लोंबले. सासूबाई हरखल्या. पण तुरे वाळून गळाले, फळ एकही धरलं नाही. मग ट्रॅक्टरला जागा हवी म्हणून दिरांनी कुऱ्हाड काढली. सासूबाईंची हरकत नव्हती. हे ओट्यावर चहा पीत बसले होते.

मी तोवर मोबाइलवर बघून ठेवलं होतं. या पामात पपईसारखीच नर आणि मादी झाडं वेगळी असतात, आणि तसले नुसतेच गळणारे तुरे नराचे. मी ओटा उतरले आणि झाडाला पाठ लावून उभी राहिले.

"भाऊ, हाऊ नर शे," मी म्हणाले. "पपईमा नर वळखतस ना तुम्ही? त्याले कोनी वांझोटं म्हनस का?"

दीर हसले. नर पपई तर आपण आधी उपटून फेकतो, म्हणाले.

"मंग नर शे म्हनीसन तोडा. पन गावले तसंच सांगा. या घरमा नरमुळे फळ नई, असं."

कुऱ्हाड हातातच राहिली. सासूबाई झाडाकडं नाही, आपल्या थोरल्या मुलाकडं बघत होत्या. यांचा चहा गार झाला होता. मला भीती वाटली नाही. इतकी वर्षं वाटली तेवढी पुरे.

पुढच्या आठवड्यात आम्ही नंदुरबारच्या दवाखान्यात गेलो. रक्त घ्यायला नर्सनं माझाच हात धरला. मी तो सोडवून घेतला, यांच्याकडं बोट दाखवलं आणि बाकावर ऐसपैस बसले.