मागाच्या खड्ड्यातला बेडूक

आमच्या घरी हातमाग होता. विणताना बाबा मागाखालच्या खड्ड्यात पाय सोडून बसायचे. खड्डा ओलसर, म्हणून त्यात एक बेडूकही राहायचा. एकदा तिथं केसाळ कोळी दिसला. आदल्या साली तसलाच चावून बाबांचा पाय लई सुजला होता, त्यामुळं ते पाय खाली सोडेनात. लग्नाचं लुगडं मागावर अर्धवट. तेवढ्यात बेडकानं जीभ टाकली आणि कोळी गिळला.

मला वाटलं, सुटलो. पण आत्यानं बाबांचा हात धरला. "दादा, थांब की. इख त्याच्या पोटात गेलंय. आता त्यो तुझ्या पायावर मुतला तर?"

"मग आधी त्योच मरंल की," आई म्हणाली.

"आन् न्हाय मेला तर?"

झालं. आम्ही काठावर बसून बेडकाकडं बघत राहिलो. तो आपला गळा फुगवत निवांत. जितका जगला, तितका आत्याचा संशय वाढला.

शेवटी आईनं त्याला सुपात घालून मोरीबाहेर सोडलं, तेव्हा कुठं बाबा विणायला बसले. धोटा इकडून तिकडं धावला असेल नसेल, तोच त्यांनी पाय वर घेतले.

"आता दुसरा कोळी आला तर?"

आई सूप घेऊन पुन्हा मोरीकडं गेली, बेडूक शोधायला.