बोटभर जागा

माझ्या सासऱ्यांइतका भित्रा माणूस नागपूरच्या हद्दीत त्यांच्याआधी झाला नाही आणि पुढेही होणार नाही, हे मी शपथेवर सांगायला तयार आहे. बाकीचे लोक सापाला भितात, फार तर साहेबाला भितात. माझे सासरे उन्हाला, विजेला, टांग्याच्या घोड्याला, डोक्यावरच्या पंख्याला, रेल्वेच्या रुळांना आणि अनोळखी घरच्या चहाला भीत. उन्हाळ्यात लू लागू नये म्हणून आमच्याकडे सगळेच खिशात कांदा ठेवतात; हे दोन ठेवत. एकदा मी न राहवून कारण विचारलं, तर माझ्याकडे दयेने पाहत म्हणाले, "जावईबापू, एक कांदा आतून सडका निघाला त? भर रस्त्यात कोणाले सांगाल?" टांग्यात ते बसत नसत, आणि रस्त्यात टांगा उभा दिसला तर घोड्याच्या मागून न जाता पुढून वळसा घालून जात, पण घोडा चावतो असंही त्यांनी कुठेतरी ऐकलं होतं, म्हणून तो वळसा इतका मोठा होई की कधीकधी ते पलीकडच्या गल्लीतूनच परत येत. उमरेडहून नागपूरला ते कधी मोटारीने आले नाहीत. भल्या पहाटे निघून बैलगाडीने यायचे आणि उतारावर गाडीतून उतरून पायी चालायचे.

पण त्यांची खरी भीती होती ती खोलीची. कोणत्याही खोलीत शिरताना ते आधी उंबऱ्यावर थांबत, डोळे बारीक करून दोन्ही भिंती पाहत आणि ओठांतल्या ओठांत काही पुटपुटत. मग आत येऊन अशा ठिकाणी बसत, की तिथून दार चार पावलांवर असावं आणि मधली वाट मोकळी असावी. छप्पर केव्हा खाली येईल, आग केव्हा लागेल, काही सांगता येत नाही, हे त्यांचं म्हणणं. मी मुलगी पाहायला उमरेडला गेलो, तेव्हा उपवर मुलीच्या बापाने जावयाला न्याहाळायचं सोडून स्वतःच्याच घराच्या दारात एक पाय उंबऱ्याबाहेर ठेवून बसावं, हे मला जरा चमत्कारिक वाटलं होतं. नंतर कळलं, की त्या दिवशी पाहुणे जास्त होते आणि दाराकडची वाट अडली होती.

या भीतीतूनच त्यांना एक विद्या आली होती. शाळेत ते दोन इयत्तांपलीकडे गेले नव्हते, पण पावकी, निमकी, सवायकी, दीडकी हे अपूर्णांकांचे पाढे तोंडपाठ. आणि जन्म हातमागावर विणण्यात गेल्यामुळे लांबी-रुंदी त्यांच्या बोटांत होती. सोळा बोटांचा फूट, चार बोटांचा पाव फूट. एखाद्या जागेचं नुसतं क्षेत्रफळ सांगावं आणि लांबी रुंदीपेक्षा किती जास्त तेवढं सांगावं, की ते अंदाजाने दोन्ही बाजू काढून देत. आमच्या गल्लीत एका लग्नाची ताडपत्री कामठीहून यायची होती. ती तीनशे चौरस फूट आणि रुंदीच्या दुप्पट लांब, एवढाच निरोप आलेला. आणि मांडवाच्या बल्ल्यांचे, म्हणजे लाकडी खांबांचे, खड्डे त्याआधी खणून ठेवायचे. वधूपिता डोकं धरून बसला होता. सासरे ओट्यावरून म्हणाले, "बारा नं चोवीस धरा. दोनशे अठ्ठ्याऐंशी. कमी पडून राहिलं. साडेबारा नं पंचवीस धरा. तीनशे साडेबारा. आता जास्त झालं. मंग मधात या. सव्वाबारा नं साडेचोवीस. तीनशेवर चिमूटभर. खणा खड्डे." ताडपत्री आली आणि खड्ड्यांवर अशी बसली, जणू माप देऊन शिवली होती. लोकांनी वाहवा केली, पण हे काही त्या मांडवाखाली जेवायला बसले नाहीत. बल्ली पडली तर काय, म्हणून आपलं पान त्यांनी बाहेर उन्हात मांडून घेतलं.

"कमी धरा, मंग जास्त धरा, मंग मधात या" ही त्यांची जगण्याचीच रीत होती. भाजीत मीठ टाकतानाही ते असेच दोन्ही बाजूंनी भीत भीत मधे येत.

आमचं लग्न झालं आणि वर्षभरात ते आमच्याकडे राहायला आले. सासूबाई आधीच गेल्या होत्या आणि उमरेडच्या घरात एकट्याने राहण्याचं त्यांना भेव लागत होतं. पण जावयाकडे राहायचं म्हणजे चारचौघांत मान खाली. यावर त्यांनी तोड काढली. आपला हातमाग सुटा करून बैलगाडीत घातला, आमच्या पुढच्या खोलीत आणून उभा केला, आणि कोणी विचारलं की म्हणत, "मी कुठं जावयाकडे राहतो गा? माग राहतो. मी मागाजवळ राहतो." आमच्याही घरात आजोबांच्या काळापर्यंत माग होता, मी शिकून सरकारी कचेरीत कारकून झालो आणि ती खटखट थांबली होती. ती पुन्हा सुरू झाली. मी वरवर कुरकुर करत असे, कारण पुढची खोली पुरी गेली होती आणि पाहुण्यांना स्वयंपाकघरात बसवावं लागे. पण संध्याकाळी कचेरीतून येताना गल्लीच्या तोंडाशी ती खटखट ऐकू आली, की घरी सगळं ठीक आहे असं वाटायचं.

आणि मग राज्यांची फेरमांडणी झाली आणि मध्य प्रदेशची राजधानी नागपूरहून भोपाळला गेली. नागपूरच्या कचेऱ्यांत त्या दिवसांत जो तो दुसऱ्याला एकच प्रश्न विचारत होता, तुझं नाव कुठल्या यादीत, मुंबईच्या की भोपाळच्या? माझं नाव भोपाळच्या यादीत निघालं. मी काही सासऱ्यांसारखा भित्रा नव्हे, असा माझा समज होता. पण यादी वाचून परत येताना मी सायकल हातात धरून चालत आलो; तिच्यावर बसायचं असतं हे घरी पोचल्यावर आठवलं. परका मुलुख, परकी भाषा, त्यात बायकोला सातवा महिना. आठ दिवसांत हजर व्हायचं होतं. राहण्याच्या जागेचा कागद सोबत होता, त्यात एवढंच लिहिलेलं: एक खोली, एकशे पंधरा चौरस फूट, स्वयंपाकाचा कोनाडा वेगळा.

सासऱ्यांनी कागद माझ्याकडून वाचून घेतला आणि पहिलाच प्रश्न विचारला, "लंबी किती?"

लंबी कोणालाच ठाऊक नव्हती. माझा एक सहकारी आधीच तिकडे पोचला होता, त्याला तशीच खोली मिळाली होती. त्याचं पत्र आलं. आमचा हा मित्र आळशी. त्याने लिहिलं होतं, 'माझी सतरंजी आडवी अंथरली की दोन्ही भिंतींना बरोबर टेकते, उभी अंथरली की तीन फूट फरशी उघडी राहते.' म्हणजे लांबी रुंदीपेक्षा तीन फूट जास्त, एवढं कळलं; सतरंजी किती लांब, हे मात्र गृहस्थाने लिहिलं नव्हतं. पुन्हा विचारावं, तर उत्तर यायच्या आत आम्ही गाडीत बसणार.

सासऱ्यांचा माग ताणून उभा करायला बारा फूट आणि चार बोटं लांबी लागत असे. त्यात एक बोट कमी चालत नसे. माग मावला तर सासरे येणार; माग मावला नाही, तर ते कोणत्या तोंडाने येणार? बायकोने त्या दिवशी आमटीत दोनदा मीठ टाकलं. सातव्या महिन्यात बापाला एकट्याला सोडून जायचं, हे तिला पटत नव्हतं, आणि मलाही.

संध्याकाळी सासरे जाड सुताची दोरी घेऊन ओट्यावर बसले. "रुंदी नऊ धरा, लंबी बारा. एकशे आठ. कमी." दोरीला सैलशी गाठ पडली. "रुंदी दहा, लंबी तेरा. एकशे तीस. लय जास्त." दुसरी गाठ. "साडेनऊ नं साडेबारा. एकशे पावणेएकोणीस. अजून बी जास्तच." इथे ते थांबले. लांबी बारा फुटांहून जास्त आणि साडेबारांहून कमी, एवढं पक्कं झालं होतं. आणि मागाला हवे होते बरोबर सव्वाबारा. बायको दाराच्या चौकटीला धरून उभी होती.

"आता मधात या नं, बाबा," ती म्हणाली.

"थांब वं पोरी, घाई केली की चुकते," असं म्हणून त्यांनी दोरी गुंडाळली आणि आत जाऊन मागासमोर बसले. त्या संध्याकाळी खटखट ऐकू आली नाही.

सकाळी मी दाढी करत असताना ते मागे येऊन उभे राहिले. आरशात त्यांचा चेहरा दिसत होता. "बारा फूट नं दोन बोटं," ते म्हणाले. "दोन बोटं कमी पडून राहिली. माग नाही मावत."

मी फक्त "अरेरे" म्हणालो. सवयीप्रमाणे त्यांच्या गणितावर विश्वास ठेवला, असं मी पुढे बरीच वर्षं लोकांना सांगत आलो. खरं सांगतो, एक गुणाकार करायचा होता. सव्वाबारा गुणिले सव्वानऊ. मॅट्रिकला गणितात मी काठावर सुटलो होतो हे खरं, पण एवढं मला आलं असतं. मी केला नाही. एका खोलीत तो माग, खाट, येणारं मूल आणि आम्ही तिघं, हे चित्र कागद हातात आल्यापासून माझ्या डोळ्यांसमोर होतं आणि त्याची मला धास्ती वाटत होती.

बायको म्हणाली, "मागाशिवाय चला नं बाबा. असं काहून करता?"

"मागाशिवाय मी कोण हो तिथं?" ते म्हणाले. "लोक इचारतील त काय सांगू?"

"तुम्हाले भेव लागेल एकट्याले."

"कायचं भेव? मले नाही लागत भेव," ते म्हणाले, आणि तेवढ्यात कोपऱ्यात मांजराने डबा पाडला तसे दचकून भिंतीला टेकले.

निघायच्या दिवशी आमची वळकटी त्यांनी स्वतः बांधली. बाजारची दोरी तुटेल म्हणून तिच्यावरून आपली सुताची दोरी आणखी एकदा आवळली. स्टेशनवर ते आले खरे, पण रुळांपासून लांब, फलाटावरच्या खांबाला हात घालून उभे राहिले. गाडी हलली तेव्हा तिथूनच ओरडले, "पोचल्यावर पत्र टाकजा! इंजिनाच्या बाजूले तोंड करून बसू नको वं!" त्याच आठवड्यात ते माग बैलगाडीत घालून उमरेडला गेले, असं शेजाऱ्यांनी कळवलं.

भोपाळची ती खोली मी उघडली तेव्हा आत चुन्याचा वास भरला होता. बायको वळकटी सोडायला बसली. सुताची दोरी तिच्या हातात आली आणि ती थबकली. आधीच्या सैल गाठी सोडून टाकलेल्या होत्या. दोन घट्ट गाठी तेवढ्या राहिल्या होत्या. ती विणकराची मुलगी, तिला मला काही विचारावं लागलं नाही. दोरीचं एक टोक मला भिंतीशी धरायला सांगून ती समोरच्या भिंतीपर्यंत गेली. दूरची गाठ भिंतीला लागली. मग आम्ही आडवी धरली. जवळची गाठ दुसऱ्या भिंतीला लागली. कागदावरच्या एका आकड्यावरून आणि एका आळशी माणसाच्या सतरंजीवरून त्या माणसाने नागपूर न सोडता भोपाळची खोली काढली होती. मग तिने दूरच्या गाठीपर्यंत हात आणि बोटं लावून मोजलं. बारा फूट आणि पाच बोटं.

"माग मावला असता," ती म्हणाली. "बोटभर जागा उरली असती."

जवळच्या गाठीच्या आत दोरीवर दोन ठिकाणी रंगीत धागे बांधलेले होते, एक हिरवा, एक लाल. तिने दोरी पुन्हा जमिनीवर आडवी टाकली. "इथवर खाट," तिने हिरव्या धाग्यावर बोट ठेवलं. "मंग पाळणा." ते लाल धाग्यापर्यंत. "आन ही वाट. दारापर्यंत मोकळी." माग सहा फूट रुंद होता. तो उभा केला असता, तर खाट टाकल्यावर पाळणा आला असता नाहीतर वाट राहिली असती, दोन्ही नाही. ती दोरी तशीच जमिनीवर ठेवून ती बराच वेळ रडली, आणि मी तिच्या शेजारी बसून माझा न केलेला गुणाकार मनात करत राहिलो. एकशे तेरा आणि वर थोडं. कमी. म्हणजे लांबी सव्वाबारांहून जास्त.

मुलगी झाल्यावर ते आले. उमरेडहून भोपाळपर्यंत, चक्क रेल्वेने, तीन कांदे घेऊन. थंडीचे दिवस होते, तरीही. दारात उभे राहिले आणि नातीकडे पाहण्याआधी त्यांनी डोळे बारीक करून दोन्ही भिंती पाहिल्या. खाट, पाळणा, आणि दारापर्यंतची वाट. "बरोबर हाये," एवढंच म्हणाले. मग आत येऊन पाळण्यापाशी बसले, दाराकडे पाठ करून. माझ्या आठवणीत ते दाराकडे पाठ करून बसलेले तेवढे एकदाच.

आम्ही दोघांनी हात जोडून सांगितलं, की आता राहा, कोणी काही विचारत नाही. ते दोन दिवस राहिले. तिसऱ्या दिवशी पिशवी भरायला लागले. मी म्हणालो, "बाबा, आता कशाला जाता? तिथे कोण आहे?"

ते पिशवीची गाठ आवळत राहिले. माझ्याकडे न पाहता म्हणाले, "माग हाये नं, जावईबापू. त्याले एकट्याले भेव लागते."