वडनेरच्या कापसातला एक केस

कोइमतूरच्या सूतगिरणीत काम करणाऱ्या माझ्या भावाने पाकिटातून ऑस्ट्रेलियन रुईचा पुंजका पाठवला. सोबत चिठ्ठी : ‘ऑस्ट्रेलियाशी झालेल्या व्यापार करारामुळे ठरावीक माल आता आयात शुल्काशिवाय येतो. बघ तरी!’ हा पुंजका घेऊन कापसाच्या गावी जायचं, असं मी ठरवलं. नवऱ्याने कपाळावर हात मारला.

जायचं तर जानेवारीत जा. नागपूरहून रेल्वेने हिंगणघाट, तिथे स्टेशनबाहेर वीस रुपयांत तर्री-पोहे (नाकातून पाणी येईल, तरी संपवाच), मग एसटीने वडनेर. मैत्रिणीच्या सुमनकाकूंकडे उतरले. त्यांच्या वावरात शेवटची वेचणी चालू होती. सहा बायका गप्पा मारत दोन्ही हातांनी बोंडं रिकामी करत होत्या, झाडाकडे न बघता! मी तासभर वेचलं आणि फक्त बोटं ओरबाडून घेतली.

जेवणाच्या सुट्टीत काकू म्हणाल्या, “भाव असाच राह्यला तं औंदा कपाशी नाई, तूर पेरीन.”

वेचणाऱ्यांतल्या साठीच्या, पांढऱ्या वेणीच्या कमलाबाईंचा घास हातातच राहिला. “तुरीले आमचं काय काम वो? चार दिवसांत आटपते ते.”

मी पुंजका पुढे केला. कुठला ते सांगितलं नाही. काकूंनी डोळे मिटून चिमटीत धागे ओढले, पुन्हा जुळवले, पुन्हा ओढले.

“धागा लांब हाय. चांगला हाय. पण हा आपल्या इकडचा नाई. बाईचा एक केस नाई याच्यात. आपल्यात निघतेच, अन् त्यापायी भाव कमी भेटते. मशीननं वेचला.”

जे सांगायला भावाच्या गिरणीत यंत्रं लागतात, ते या बाईने भाकरीच्या हाताने सांगितलं! मग मी सांगितलं, ऑस्ट्रेलियाचा आहे, तिथली वावरं हजारो एकरांची असतात.

“मंग आमच्या पाच एकराले त्यायच्यासंग काऊन उभं करतेत?” काकूंनी विचारलं.

निघताना त्यांनी आपल्या कापसाचा पुंजका माझ्या हातात ठेवला. घरी येऊन बघते तर त्यात एक लांब पांढरा केस.

जूनमध्ये न राहवून फोन केला.

“कपाशीच लावली,” काकू म्हणाल्या. “पाहू एक साल. आता सहाही जणी डोक्याले फडकं बांधून वेचतीन. केस नाई सापडाचा कोणाले! वेचणीले येजो.”

जाणारच आहे, फडकं घेऊन. दोन्ही पुंजके माझ्या टेबलावर आहेत. कमलाबाईंचा केस मी काढलेला नाही.