जो कॅमेऱ्याकडे पाहील

माझं सारं आयुष्य फिल्म कापण्यात आणि जोडण्यात गेलं. लोक विचारत, "सिनेमात तुम्ही नेमकं काय करता?" मी म्हणे, "शिंपीकाम. कात्री माझी, कापड दुसऱ्याचं."

ती कात्री प्रथम हातात आली देवासला, टेकडीखाली राहणाऱ्या एका फोटोवाल्याकडे. मी त्यांना काका म्हणे. पाठीशी ना कंपनी, ना दरबार. हौस तेवढी दांडगी. त्यांनी नेमावरच्या घाटाचं हलतं चित्र काढायचं ठरवलं. आईला नर्मदास्नान हवंच होतं, तीही बैलगाडीतून आमच्याबरोबर आली.

फोटो काढला की आयुष्य घटतं, ही आईची पक्की समजूत. तिचा एकही फोटो नव्हता. पुढेही कधी निघाला नाही. पण ज्या कामापायी पोरानं कचेरीतली कारकुनी नाकारली, ते आहे तरी काय, हे तिला पाहायचं होतं. "एकदा बघू तरी मी कशी दिसते ते," म्हणाली आणि द्रोणात दिवा घेऊन पायऱ्या उतरली.

काकांचा एकच कायदा होता. "कॅमेऱ्याकडे बघणारा दिसला की काट डालो, भिया. दया नाही." आणि घाटावर तर सगळेच बघत होते! संकल्प सांगणारे गुरुजीसुद्धा मंत्र अर्धा सोडून ताठ बसलेले.

देवासला परतल्यावर मी खिडकीच्या उजेडात फिल्म धरली. आई पाठमोरी उतरते, दिवा सोडते, वळते आणि सरळ कॅमेऱ्याकडे पाहून हसते. एवढं राहू द्या, असं काकांना म्हणता आलं असतं. पण नवशिक्याचा ताठा! आईसाठी कायदा मोडला तर मी कसला कारागीर? कापलं. तेव्हाची फिल्म भपकन पेटे, म्हणून तुकडे रोज अंगणात जाळत असू. त्यात तोही गेला. दुसरी प्रत नव्हती.

कनातीत खेळ झाला तेव्हा आई बायकांत पुढे बसली होती. पडद्यावर तिची पाठ दिसताच तिनं शेजारणीला ढुसणी दिली, "ही मी हो!" सगळ्या पुढे सरसावल्या. आणि लगेच होडी आली. मग दुसरा घाट, मग माकडं. ती शेवटपर्यंत मान उंच करून वाट पाहत राहिली.

घरी जाताना तिनं विचारलं, "माझं तोंड कुठं गेलं रे?"

मी मास्तरासारखा तिला कायदा समजावून सांगितला. कॅमेऱ्याकडे पाहायचं नसतं, पाहिलं की कापावं लागतं.

"अरे, मी त्या यंत्राकडे कशाला बघू?" आई म्हणाली. "त्याच्यामागं छत्री धरून तू उभा होतास ना."