उजेडाची सोबत

आमचा पंथ म्हणजे सोलापुरातल्या मूठभर घरांचं खूळ होतं. खूळच म्हणते मी. वडिलांच्या, म्हणजे आप्पांच्या हयातीत तसं म्हणायची सोय नव्हती. लोक आम्हांला ‘उजेडवाले’ म्हणत. आमच्यात मूर्ती नाही, पोथी नाही. उजेड ही वस्तू नव्हे, जित्ता जीव आहे, एवढाच काय तो सिद्धान्त. तो लांबून चालत येतो आणि आपल्या डोळ्यांत विसावतो. डोळा म्हणजे त्याचं माहेर. म्हणून आमच्याकडे दिवा कधी फुंकत नसत. तेल संपून तो आपणहून निजेपर्यंत कुणीतरी जवळ बसायचं, कारण जिवाला एकटं टाकू नये. ऐकायला किती गोड! लहानपणी मीही दिव्याला ‘नीज हं आता’ म्हणायची.

ग्रहण आलं की मात्र हा गोडवा अंगाशी यायचा. सारं गाव दारं लावून घेई, पाण्यावर तुळशीपत्र ठेवी, बोळातून ‘दे दान, सुटे गिऱ्हाण’ अशी आरोळी जाई. आमचे लोक तेवढे अक्कलकोट रस्त्याच्या माळावर जाऊन बसत. उजेड तिकडं तडफडतोय आणि आपण घरात दडून बसायचं? मरणाऱ्याच्या उशाशी बसावं तसं सूर्याकडं उघड्या डोळ्यांनी बघत बसायचं, ग्रहण सुटेपर्यंत. घरटी एकानं, जन्मात एकदाच. बसलेल्यांतल्या कित्येकांच्या नजरेत मधोमध कायमचा डाग पडे. त्याला म्हणायचं ‘मुक्काम’. उजेड मुक्कामाला राहिला म्हणे! अशा माणसाच्या पाया पडत, आणि त्याला काय दिसतं हे कुणी विचारायचं नाही, असा दंडक होता.

आप्पा तरुणपणी बसले होते, पण नेमकं त्या दिवशी आभाळ भरून आलं. मुक्काम मिळाला नाही आणि पाळी गेली. गिरणीत कारकुनी करणारा सरळ माणूस, पण हे त्यांना जन्मभर सलत राहिलं. पुढची पाळी थोरल्या लेकराची, म्हणजे माझ्या अक्काची.

अक्का तेव्हा सातवीची फायनल पास झाली होती. मुलींच्या शाळेत तिला मास्तरीण म्हणून घेणार होते. पुडीचा कागदसुद्धा वाचल्याशिवाय टाकत नसे बया.

आई कडाडली. “पोरीचे डोळे घालवायला निघालात? शाळेत काय डोळे मिटून शिकवणार ती?”

“जाणार नाहीत. भरतील,” आप्पा म्हणाले.

“जाऊ दे की आई,” अक्का म्हणाली. “त्यांनी आजवर माझ्याकडे दुसरं काय मागितलंय?”

माळावर मी तिच्यासमोर सूर्याकडं पाठ करून बसले होते. लहानांना तशीच आज्ञा होती. अक्काच्या गालांवरून पाण्याच्या धारा लागल्या होत्या, पण तिनं मान वळवली नाही. मागून एक म्हातारा म्हणत होता, “सोडू नको गं, एकटा पडंल त्यो.”

पुढं एकदा जेवताना भातात खडे लागले. तांदूळ अक्कानं निवडले होते. आईनं हातातला घास खाली ठेवला आणि फडताळातला पुडीचा कागद तिच्यापुढं धरला. “वाच.”

अक्कानं कागद इकडं फिरवला, तिकडं फिरवला. “कडेचं दिसतंय गं. ज्याच्यावर नजर लावावी तेवढंच जातंय.”

आप्पा ताटावरून उठले आणि उष्ट्या हातानं पोटच्या पोरीच्या पाया पडले. इतका आनंद त्यांच्या तोंडावर मी पुन्हा कधी पाहिला नाही. त्या आनंदाची मला आजही चीड येते.

डॉक्टरांनी सांगितलं, डोळ्याचा पडदा भाजलाय, औषध नाही. शाळेत दुसरी बाई लागली. लग्नाचं तर नावच नको. अक्का हळूहळू तिरकं बघायला शिकली. “तुझ्याकडं बघितलं की तू नसतेस बाई,” ती मला म्हणायची, “भिंतीकडं बघितलं की येतेस.” परकी माणसं तिला शिष्ट म्हणत. आणि आप्पांना वाटे, ती आपल्यावर रागावून तोंड फिरवते. आई समजावायला गेली की ते कानांवर हात ठेवत. “मुक्कामाबद्दल बोलू नये.”

असं करता करता वर्षं गेली आणि आप्पा छातीच्या दुखण्यानं अंथरुणाला खिळले. एका दुपारी गिरणीचा भोंगा होऊन गेल्यावर त्यांनी अक्काला जवळ बोलावलं आणि दंडक मोडला.

“मधोमध काय दिसतं गं?”

सांग, सांग एकदाचं, असं मला झालं होतं.

“काळं, आप्पा. नुसतं काळं.”

 आप्पांनी उशीवरून मान तिच्याकडं वळवली. “चुकलं गं माझं. एकदा बघ माझ्याकडं.”

अक्का पुढं वाकली, त्यांचा हात तिनं दोन्ही हातांत घेतला आणि तोंड भिंतीकडं वळवलं.

“नाही ना बघवत?” आप्पा म्हणाले आणि त्यांनी डोळे मिटून घेतले.

“अहो आप्पा, बघतीय ती! ती अशीच बघते!” मी ओरडले. त्यांनी डोळे उघडले नाहीत. अक्का तशीच भिंतीकडं तोंड करून बसली होती, कारण तिला त्यांचा चेहरा दिसत होता.