तळ्यातला डबा

माघातला मंगळवार, सकाळ. वैनगंगेच्या घाटावर रेखाच्या अंत्यविधीला हजर: तिची आई अनसूयाबाई, धाकटा भाऊ दिनेश, वडशाच्या नाटक मंडळीतले काही जण आणि मी. लाकडं, तूप, मडकं... सगळं वेळेवर आलं. सामानाची व्यवस्था माझ्याकडे होती. रेखाच्या प्रत्येक कार्यक्रमाला असायची, तशीच.

झाडीपट्टीच्या नाटकांतून ती बाहेर पडली आणि एकटीच, न बोलता, नुसत्या शरीराने काही मांडू लागली. चामोर्शीच्या आठवडी बाजारात वडिलांचं मासेमारीचं जाळं अंगाभोवती गुंडाळून ती दिवसभर उन्हात बसली होती. एका बाईने वाकून विचारलं, "मासे सरले का व?" दुसरी म्हणाली, "हेच तं मासा होय." रेखा हलली नाही. परतताना एसटीत मात्र हे आठवून आठवून हसली.

पुढे फुप्फुसं थकली. असं बसणं जमेना, तेव्हा तिने रिळाचा जुना कॅमेरा आणला. "मोबाइल आहे ना," मी म्हटलं. "मोबाइलले तळं खात नाई," ती म्हणाली. चित्रण करायचं, रीळ घरीच धुवायचं, भोकं पाडलेल्या डब्यात घालून गावतळ्याच्या गाळात बांबूला बांधून ठेवायचं. गाळ फिल्मवरचा थर खायचा. उरेल तो सिनेमा. पहिला सिनेमा चुना दिलेल्या भिंतीवर पाहताना अनसूयाबाई म्हणाल्या, "माह्यं तोंड कुठी गेलं व?" "तळ्यानं खाल्लं, माय. पण हात पाह्य, कसे चमकून राह्यले." डबा किती दिवस ठेवायचा हे ती दर वेळी वेगळं ठरवायची. मला पक्का आकडा हवा असायचा; तिने तो कधी दिला नाही.

शेवटच्या रिळाला कॅमेरा मी चालवला. खाटेवर बसून, रीळ संपेपर्यंत ती भिंगाकडे बघत राहिली. फक्त चेहरा. धाप मला ऐकू येत होती. रिळात आवाज नाही... डबा मी आणि दिनेशने गाळात सोडला. "पाणी उतरल्यावरच काढजो," तिने बजावलं. "मी जेवढी राहीन तेवढीच दाखवजो." मी हो म्हटलं. पाणी उतरायच्या आधी ती गेली.

मरण झालेल्या घराचं जाळं तेरवीपर्यंत पाण्यात पडत नाही, म्हणून कोणी तळ्यात उतरलं नाही. तेरवीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी अनसूयाबाईंनी मला बोलावलं. घरातले फोटो सगळे नाटकातले, रंग लावलेले. एक आधार कार्डावरचा, तो ओळखू येत नाही. "तिचं खरं तोंड त्या डब्यात हाय, बाई. सरून जाईन. आजच काढ."

"ताईनं नाई म्हटलं होतं, माय," दिनेश खाली बघत म्हणाला.

"तिले काय जाते? पाहाचं तं मले हाय."

त्या दिवशी मी डबा काढला नाही. आता दर रविवारी तळ्यावर जाते. पाणी अजून कमरेच्या वर आहे. बांबूचं टोक दिसतं. अनसूयाबाई काठावर बसलेल्या असतात. "अजून किती राह्यली असन व ती?" विचारतात. धुण्याची बादली, कोरडं फडकं, प्रोजेक्टर, नव्याने चुना दिलेली भिंत... सगळं तयार आहे. डबा काढायचा राहिला आहे.