बंदरावरची ओळ

तीन आठवड्यांपूर्वी आई खालच्या घरातून वर आली ती चपला न काढताच. "एलेनीआजी गेल्या गं," म्हणाली. माझ्या लॅपटॉपवर त्यांचाच शेवटचा सिनेमा उघडा होता...

इथे आखातात, अल हैलच्या आमच्या इमारतीत, तळमजल्यावर, आजी आपल्या मुलीकडे राहायच्या. एकेकाळच्या ग्रीक रडपटांतल्या नावाजलेल्या नटी. नातवंडांना ग्रीक येत नाही, म्हणून जुन्या सिनेमांना इंग्रजी सबटायटल्स हवी होती. आईने मला पाठवलं. "तोंड उघडत नाहीस, निदान टाइप तरी कर." आजी सिनेमा थांबवून अर्थ सांगायच्या, मी टाइप करायचे. बोलावं लागत नसे, म्हणून मला ते काम आवडायचं.

एकोणिसाव्या वर्षी आजी एका बेटावरून अथेन्सला आल्या. आधी गरीब शिवणकाम करणारी, मग आंधळी फुलवाली, आणि तिशी उलटताच थेट आईच्या भूमिका. "रडायला ग्लिसरीन कशाला? बूट एक नंबर लहान घालायचे, खलास," म्हणायच्या. लोक रस्त्यात त्यांचा हात धरून रडत. त्याच वर्षांत त्यांची मुलगी सोफिया बेटावर तिच्या आजीपाशी वाढत होती. हे त्यांनी मला एकदाच सांगितलं, कॉफीच्या कपात बघत.

शेवटच्या सिनेमात आई मुलीला बंदरावर बोटीत बसवून देते. पडद्यावरचं वाक्य छोटंसं होतं. त्यांनी सांगितलेलं लांब: "तुला जवळ ठेवायला हवं होतं. माझ्यात धीर नव्हता."

"आजी, पडद्यावर इतकं बोलत नाही ती..."

"तू लिही."

एकेक शब्द बदलत त्यांनी ती ओळ माझ्याकडून तीनदा लिहून घेतली.

गेल्या शुक्रवारी सोफियाने आम्हाला बोलावून तो सिनेमा लावला. बंदर आलं. मुलं वाचत होती. सोफियाने सिनेमा मध्येच थांबवला.

"इथे ती फक्त 'जा, मागे बघू नकोस' म्हणते. तुझं टायपिंग चुकलंय का?"

सगळे माझ्याकडे बघत होते. हो म्हणून सुटता आलं असतं.

"नाही," मी म्हटलं. "तीनदा लिहून घेतलंय त्यांनी. दुरुस्त करू?"

सोफिया म्हणाली, "राहू दे."

खिडकीजवळची आजींची खुर्ची तोवर कोणी वापरली नव्हती. सोफिया तिथे जाऊन बसली, सिनेमा पुन्हा बंदरापर्यंत मागे नेला आणि आवाज बंद केला.